आप्पांची यादी

आप्पांच्या छत्रीचा रंग कोणता, असं विचारलं असतं तर बंदरातल्या आमच्या सायडिंगवर, म्हणजे मालगाड्या भरायच्या रुळांवर, कोणीही एकच उत्तर दिलं नसतं. मुळात ती काळी होती, असं ते स्वतः सांगत. पण बंदरात चुनखडीचं जहाज लागलं की आठवडाभर ती पांढरी असे आणि कोळशाचं लागलं की पुन्हा काळी. एकदा बॉक्साइट आलं तेव्हा ती विटकरी झाली आणि आप्पा स्वतःची छत्री सोडून दुसऱ्याचीच घेऊन निघाले. कोणता माल चढतोय हे कळायला मला कागद बघावा लागत नसे. ऑफिसच्या खिडकीतून छत्री दिसली की पुरे.

पावसात मात्र ती त्यांनी कधी उघडली नाही. धो धो भिजत चालायचे आणि छत्री काखेत कोरडी. कारण छत्रीला आतून लाल कापड शिवलेलं होतं. गाडी हळूहळू पुढे सरकत असताना थांबवायची झाली तर इंजिनवाल्याला लाल झेंडा दाखवावा लागतो. आप्पांचं म्हणणं, झेंडा माणूस कुठेतरी ठेवतो आणि विसरतो. छत्री कोण विसरतं? त्यांनी छत्री उघडली की इंजिन थांबायचं, हे सगळ्या ड्रायव्हरांना पाठ होतं. एकदा एका नव्या माणसानं दया येऊन त्यांच्याच डोक्यावर ती उघडून धरली. तिकडे भरलेली गाडी जागच्या जागी उभी राहिली आणि आप्पांनी त्या माणसाला दिवसभर फैलावर घेतलं.

मी तेव्हा पंचविशीची होते. सुरतेजवळच्या उधन्यात वाढले, वडील कापडाच्या लूमवर कामाला. इन्स्ट्रुमेंटेशनचा डिप्लोमा केला आणि इच्छापोरच्या पुढे, खाडीकडे असलेल्या या बंदरात चिकटले. पहिली दोन वर्षं वजनाचे आकडे बघण्याचं काम. सायडिंगवर बाई म्हणून मी एकटीच. आप्पा मला "बेन" म्हणायचे आणि मी त्यांच्याशी शाळेत शिकवतात तसं स्वच्छ मराठी बोलायचे. घरी आमच्याकडे अहिराणी चालते, पण ते ऑफिसात कळू द्यायचं नाही, असं मी ठरवलं होतं. का, ते विचारू नका. त्या वयात माणसाला कशाचीही लाज वाटते.

ती लाज एका दुपारी संपली. मी डब्यांच्या कडेनं चालले होते आणि एका डब्याचं लोखंडी दार धाडकन माझ्या शेजारी खाली आलं. माझ्या तोंडून "माय व!" निघालं. चार डबे पलीकडे वाकून बसलेले आप्पा ताठ उभे राहिले.

"कोनी पोर शे व तू?" त्यांनी तिथूनच ओरडून विचारलं.

मी वडिलांचं गाव सांगितलं. शिंदखेड्याच्या अलीकडचं. आप्पांचं गाव त्याच्या पलीकडे चार कोसांवर निघालं. मग काय विचारता! त्या दिवसापासून "बेन" गेलं आणि "पोरी" आलं, आणि दुसऱ्या दिवसापासून माझ्या डब्यात कळण्याची भाकरी आली नाही तर त्याचा जाब मला द्यावा लागू लागला.

आप्पांचं पद कंपनीच्या कागदावर कुठेच नव्हतं. कंत्राटदाराच्या कागदावर ते मुकादम होते. त्यांच्या हाताखाली बावीस माणसं, बहुतेक खानदेशातली, दोनचार जालना-परभणीकडची. जहाजातून उतरलेला माल यार्डात ढिगानं पडलेला असे. लोडर तो उचलून डब्यात ओतायचा. ही माणसं डब्यांची दारं तारेनं बांधायची, फटींत गोणपाट कोंबायची, वर चढून फावड्यानं माल सारखा करायची. एका गाडीला अठ्ठावन्न डबे. रेल्वे मोजून तास देते. तेवढ्यात गाडी निघाली नाही तर दंड, डबा जास्त भरला तर दंड, आणि कमी भरला तर हवेचं भाडं. वजनकाटा दोन किलोमीटर पुढे. तिथे चूक कळून काही उपयोग नसायचा.

म्हणून आप्पांची बोटं. डबा भरत आला की ते चाकाजवळ उकिडवे बसत आणि स्प्रिंगच्या दोन वेढ्यांमध्ये बोटं घालून बघत. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, काहीतरी पडलंय ते शोधतायत.

"दोन बोटे ग्यात ते डबा उपाशी," त्यांनी मला समजावलं. "एक ग्यं ते जेवेल. एकबी नही ग्यं ते अजीर्ण."

मी हसले. पण वजनकाट्याचे आकडे माझ्याकडेच यायचे. महिनाभर मी गुपचूप ताडून बघितलं आणि हसायचं बंद केलं.

आप्पांनी सगळं जग याच तीन खणांत बसवलेलं होतं. नवा ड्रायव्हर आला की दोन मिनिटं बघून म्हणत, "उपाशी शे." आमच्या मोठ्या साहेबांबद्दल त्यांचं मत अजीर्णाचं होतं. साहेब रागावले की आप्पा समजुतीनं मान हलवायचे, आणि साहेबांना वाटायचं, मुकादम आपलं ऐकतोय. मी कोणत्या खणात, हे विचारायचं धाडस मला झालं नाही.

डब्यांशी ते बोलत. अगदी सरळ, दारात आलेल्या बाईशी बोलावं तसं. डबे भारतभर फिरतात आणि वर्षा-दोन वर्षांनी एखादा परत आमच्याकडे येतो. आप्पांना डब्यांचे नंबर पाठ असत. नातवंडांची नावं मात्र चुकत. "कोठे व्हती व इतला दिन?" असं म्हणत ते डब्याच्या पत्र्यावर छत्रीची मूठ वाजवायचे आणि तळाशी राहिलेला चुरा चिमटीत घेऊन तो कुठून आलाय ते सांगायचे. एकदा एका डब्याच्या कोपऱ्यात मोहरीचं रोप उगवलेलं निघालं. ते काढून एका पत्र्याच्या डब्यात लावेपर्यंत आप्पांनी भरणं सुरू होऊ दिलं नाही. त्या दिवशी गाडी वेळेच्या अकरा मिनिटं आधी निघाली. नाहीतर त्या मोहरीपायी साहेबांसमोर काय सांगायचं, हे मला आजही सुचत नाही.

गाडी उभी असेपर्यंत चहा नाही, हा आणखी एक नियम. शेवटचा गार्डचा डबा फाटकाबाहेर पडला की मगच चहा. आणि तोपर्यंत "झालं" हा शब्द उच्चारायचा नाही. कोणी चुकून उच्चारला तर आप्पा कानाला हात लावून रुळाकडे बघत क्षमा मागत. माझ्यासारख्या डिप्लोमावालीनं असल्या गोष्टी मानायच्या नसतात. मीही मानत नव्हते. फक्त गाडी जाईपर्यंत तो शब्द टाळायचे.

मग बंदराचं रूप पालटायचं ठरलं. नवीन धक्का, जहाजापासून थेट सायडिंगपर्यंत माल वाहणारा पट्टा आणि रुळांवर उभा राहिलेला सायलो, म्हणजे माल साठवायची उंच टाकी. खालून गाडी मुंगीच्या पावलानं सरकत राहील, वरून मोजून माल पडेल, वजन तिथल्या तिथे. जे काम बावीस माणसं अख्खा दिवस करायची ते दोन-अडीच तासांत. यंत्रांच्या बाजूला कंपनीनं मला नेमलं. मी घरी पेढे नेले. वडिलांनी मशीन केवढं आहे ते तीनदा विचारलं.

जूनमध्ये कंत्राटदार आप्पांना सांगून गेला की सायलो चालू झाला की सहा माणसं पुरतील. ती सहा कोणती ते मुकादमानं लिहून द्यायचं. बाकीच्यांनी दसऱ्यानंतर आपापलं बघायचं.

झालं, यादी मागायला जाणं माझ्या गळ्यात पडलं. कंत्राटदाराला आप्पांच्या समोर उभं राहायची भीती वाटायची आणि माझी भाषा त्यांच्या गावची. पहिल्यांदा गेले तेव्हा आप्पा म्हणाले, आज अमावस्या आहे, अमावस्येला माणसांची नावं लिहीत नाहीत. आठवड्यानं गेले तर दोन माणसं गावाला गेली होती. पाठीमागे कोणाचं नाव कसं लिहायचं? मग पेन काळं निघालं. काळ्या शाईनं कामाची नावं लिहिली तर काम टिकत नाही म्हणे. मी निळं पेन नेऊन दिलं. त्यांनी ते खिशाला लावलं, छान आहे म्हणाले, आणि लिहिलं काहीच नाही. गणपती आले, गणपती गेले. मग पितृपक्ष लागला, आणि पितृपक्षात तर नाव काढायचंच नसतं. ही सगळी कारणं मी कंत्राटदाराला हिंदीत समजावून सांगायची. तो माझ्याकडे असा बघायचा की ती मीच रचलीयेत.

मला राग यायचा. बावीस माणसं रोज सकाळी आप्पांच्या तोंडाकडे बघत कामावर यायची. आपलं नाव आहे की नाही, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. कोणाच्या मुलीचं लग्न अडलेलं, कोणाची खोली लिंबायतला भाड्यानं. एकदा मी स्पष्टच म्हटलं, "आप्पा, नावं द्या. त्यांना दुसरीकडे बघायला तरी वेळ मिळेल."

"देस," ते म्हणाले. "पहिले तुन्ही मशीन देखू दे."

आणि खरोखर त्यांनी मशीन बघायला घेतली. सायलोच्या चाचण्या सुरू झाल्या तसे आप्पा रोज जेवणाच्या सुट्टीत समोर उभे. खुर्ची दिली तर बसायचे नाहीत. मग एक दिवस माझी आणि त्यांची पैजच लागली. दहा डबे मशीननं भरायचे, आप्पांनी बोटं घालून वजन सांगायचं, मी पडद्यावर बघायचं. गोष्टीतलं असतं तर इथे म्हातारा जिंकला असता. आमच्याकडे मशीन जिंकली. आठ डब्यांत आप्पा बरोबर निघाले, दोनांत अर्ध्या टनानं चुकले. मशीन कशातच चुकली नाही.

आप्पांनी बोटं धोतराला पुसली. "हुशार शे. तिले सोतानी भूक लागस नही ना, म्हनीसन बराबर वाढस."

जाता जाता त्यांनी नवव्या डब्याला छत्रीनं टोकलं. वजन बरोबर होतं, पण माल सगळा डाव्या बाजूला पडला होता आणि डबा एका कुशीवर कललेला होता. मशीनला वजन कळत होतं, कूस कळत नव्हती. मी माल पडायचं नळकांडं सरळ करून घेतलं. चाचणीच्या अहवालात ही सुधारणा कोणी सुचवली ते मात्र लिहिलं नाही. आता सांगते, कारण तेव्हा सांगायला हवं होतं.

खंडेनवमीला आप्पांच्या माणसांनी फावडी, कुदळी, पकडी, घमेली धुऊन मांडली. लोडरला झेंडूची माळ. ही पूजा दर वर्षीची. त्या वर्षी आप्पा म्हणाले, नव्या मशीनचीही पूजा करायची. माणसं थोडी कुरकुरली. जी आपल्याला काढणार तिलाच ओवाळायचं? आप्पांनी एकाच वाक्यात सगळ्यांना गप्प केलं. ती पण कामालाच आलेली आहे, तिचा काय दोष?

कुंकवाची वाटी त्यांनी माझ्या हातात दिली. "मशीन तुन्हं शे. कुंकू तूच लाव. तोंडले लाव, पाठले नको लावू."

आमच्या घरी वडील लूमला कुंकू लावतात तेव्हा हेच सांगतात. यंत्राला पाठीकडून कुंकू लावलं तर ते रुसतं. सगळे भोवती उभे होते, नारळ फुटला होता, आणि मी वाटी घेऊन विचार करत होते की सायलोचं तोंड कुठलं. आप्पांच्या एखाद्या माणसानं कुठल्याही पत्र्याला टिळा लावून मोकळं केलं असतं. मी शिकलेली. रुळांच्या दोन बाजूंना दोन खांब होते. एका खांबातून प्रकाश निघून दुसऱ्या खांबावरच्या अंगठ्याएवढ्या काचेवर पडायचा. डबा मध्ये आला की प्रकाश अडायचा आणि मशीनला कळायचं, डबा आला. दोन डब्यांमधल्या फटीतून प्रकाश पोचला की ती माल थांबवायची. म्हणजे हाच मशीनचा डोळा. जिथे डोळा तिथे तोंड. मी त्या काचेवर ओल्या कुंकवाचा चांगला जाड टिळा लावला, वर अक्षता चिकटवल्या आणि हात जोडले. ती काच दोन महिन्यांपूर्वी मीच बसवली होती.

दुसऱ्या दिवशी दसरा. साहेबांनी मुहूर्त धरला होता. फाफडा-जलेबीची खोकी आली, बंदराचे अधिकारी आले, रेल्वेचे आले. चुनखडीची पहिली पूर्ण गाडी सायलोखाली लागली. पडद्यावर "डबा आहे" असा दिवा लागलेला मला दिसला. खाली इंजिन उभं होतं, म्हणून मला त्यात काही वावगं वाटलं नाही.

पहिला डबा सुरेख भरला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग फट आली आणि माल थांबला नाही. दुसऱ्या फटीतही थांबला नाही. चुनखडी डब्यांच्या जोडांवर, रुळांवर, चाकांवर पडत होती आणि पांढऱ्या धुळीत कोणाला काही दिसेना. आत कंट्रोलवाला बटणं दाबत होता. बाहेर आप्पांनी छत्री उघडली. धुळीतून ते लाल वर्तुळ तेवढं दिसलं आणि इंजिन थांबलं, मागोमाग मालही.

पुढचा तास मी विसरणार नाही. कोणी बोलावलं नव्हतं, तरी बावीसच्या बावीस माणसं फावडी घेऊन रुळात उतरली. ज्यांचं काम संपलं म्हणून फाफडा वाटला जात होता तीच. अधिकारी रुमाल नाकाला लावून मागे सरकले. मी खांबाकडे धावले तर आप्पा माझ्या आधी तिथे पोचलेले. ते डोक्याच्या रुमालानं काच पुसत होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं, रुमाल खांद्यावर टाकला आणि फावड्याकडे वळले. गाडी वेळेत निघाली.

संध्याकाळी साहेबांच्या केबिनमध्ये चौकशी. काचेच्या कडेला लाल राहिलेलं कोणालातरी दिसलं होतं.

"आ कोणे कर्यूं?" साहेब कडाडले. मग हिंदीत म्हणाले की हे मुद्दाम केलेलं आहे. चार महिने यादी दिली नाही, आणि आता मशीनचाच डोळा बंद केला. उद्यापासून बावीसपैकी एकही माणूस गेटच्या आत नको.

मी सांगायला हवं होतं. माझी नोकरी पक्की होण्याचं पत्र त्याच टेबलाच्या खणात होतं, हे मला माहीत होतं. मी गप्प बसले.

आप्पा उभेच होते. "साहेब, कुंकू मैंने लगाया," ते म्हणाले. "इन लोगोंको क्या मालूम. पूजा में लगाया, जानबुझके नहीं. मेरेको निकालो." आणि खांद्यावरचा लाल झालेला रुमाल त्यांनी टेबलावर ठेवला. साहेबांनी त्यांना उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं. आप्पांनी नमस्कार केला आणि बाहेर गेले.

मी त्यांच्या मागे गेले. बोलताना मला रडू आलं. ते मात्र अगदी हलके झालेले. "काबरं रडस? मी नाहीतरी म्हातारा शे. तुन्ही नोकरी आते सुरू व्हयनी. जाय, घर जाय."

मी घरी गेले नाही. केबिनमध्ये परत गेले आणि सगळं सांगितलं. टिळा मी लावला. तोंडाला लावायचा म्हणून डोळ्याला लावला. साहेबांनी हातातलं पेन खाली ठेवलं. "बेन, तमे?" एवढंच म्हणाले. हसावं की ओरडावं, हे त्यांना कळत नव्हतं. शेवटी म्हणाले, काय झालं आणि पुढे काय करायचं ते स्वतःच्या सहीनं लिहून आणा. पक्कं करण्याचं पत्र सहा महिने लांबलं. ते लांबणारच होतं.

मी रात्रभर लिहिलं नाही, तासाभरात लिहिलं. काचेला झाकण हवं, गाडी लागण्याआधी काच तपासायला हवी. दारं बांधायला, फटी बुजवायला, कललेला डबा ओळखायला आणि सांडलेलं उचलायला सहा माणसं पुरणार नाहीत, बारा हवीत. साहेबांनी बाराचे नऊ केले आणि मुद्दाम केल्याचा आरोप काढून टाकला. आप्पांना परत बोलावलं.

आप्पा आले, पण माझ्याशी बोलेनात. तीन दिवस अबोला. चौथ्या दिवशी मीच आडवी गेले.

"मी जनमभर एकच खोटं बोलनू," ते भडकून म्हणाले, "तुनी ते बी वाया घालं!"

मला हसू फुटलं. मग त्यांनाही आलं. त्या हसण्यातच मी म्हटलं, "आप्पा, आता नऊ नावं पाहिजेत. आज अमावस्या नाही."

त्यांनी सदऱ्याच्या आतल्या खिशातून एक घडी काढून दिली. आजच लिहिलं असेल असं मला वाटलं होतं. कागद इतका जुना होता की घड्यांवर फाटायला आला होता. त्यावर चौथी शिकलेल्या माणसाच्या मोठ्या अक्षरांत, कुठल्यातरी काळ्या पेनानं, सहा नावं लिहिलेली होती. सगळ्यात वरचं नाव त्यांचं स्वतःचं.

म्हणजे यादी पहिल्या आठवड्यापासून तयार होती. चार महिने मी अमावस्या आणि पितृपक्ष ऐकत होते, ते त्या एका नावासाठी. वर्षानुवर्षं जिथे ते चालले त्या रुळांपासून त्यांना जायचं नव्हतं, आणि बावीसांतल्या सतरा जणांना काढून आपण राहायचं, हे त्यांना कोणाला दाखवताही येत नव्हतं. मी त्यांना हट्टी समजले होते. ते आमच्यासारखेच घाबरलेले होते.

आता त्या नावावर एक आडवी रेघ होती. माझ्या निळ्या पेनानं मारलेली, अगदी ताजी. खाली त्याच निळ्या शाईत चार नवी नावं.

"आप्पा, नऊमध्ये तुम्ही..." मी म्हटलं.

"खोडेल वाचू नको," ते म्हणाले. "बाकीना वाच. मोठा आवाजमां वाच. माले चष्मा नही."

मी वाचत गेले. प्रत्येक नावाला ते मान हलवत होते. नववं नाव झाल्यावर त्यांनी विचारलं, "बराबर शेत ना?"

"बराबर," मी म्हटलं. एक कमी होता, हे त्यांना ठाऊक होतं आणि मलाही.